काकांची टॅली

गोदीतल्या टॅली क्लार्कचं काम सांगायला एका वाक्याचं आणि करायला तीस-पस्तीस वर्षांचं. जहाजातून उतरणारा किंवा जहाजात चढणारा माल मोजायचा. चार नग गेले की चार उभ्या रेघा, पाचव्याला त्यांच्यावरून एक तिरकी. कापसाच्या गासड्या असोत, गोणी असोत की पिंपं, पाच-पाचचे जुडगे कागदावर उभे करत जायचे आणि शेवटी समोरच्या पार्टीच्या क्लार्कच्या आकड्याशी ताडून बघायचे. जुळले, तर टॅली लागली. नाही जुळले, तर जेवणाची सुट्टी विसरायची.

असा माणूस निवृत्त झाल्यावर काय करतो, हे पाहायचं असेल तर हार्बर लाइनने कॉटन ग्रीनला उतरावं. पूर्वेला गोदामं, पश्चिमेला काळाचौकी आणि अभ्युदयनगर. या पश्चिमेला काका राहतात. त्यांना एखाद्या विशिष्ट बिल्डिंगीत शोधायला जाऊ नये. पोर्ट ट्रस्ट, गिरण्या, बेस्ट आणि महापालिका यांनी निवृत्त केलेल्या माणसांनी हा भाग भरलेला आहे, आणि काका दर मजल्यावर थोडेथोडे वाटलेले आहेत. एकाकडे त्यांची वही आहे, दुसऱ्याकडे त्यांचा आवाज, तिसऱ्याकडे बॅटरी संपलेली असूनही रोज तपासली जाणारी विजेरी. सोयीसाठी सगळ्यांना एकत्र करून एकच काका म्हणू.

काकांचं स्वतःचं म्हणणं असं, की रिटायर झाल्यापासून त्यांचं काही ठरलेलं नसतं. “आता काय, मोकळाच!” असं ते ज्याला त्याला सांगतात. रोज सकाळी सव्वासातला, दुधाची पिशवी घेऊन परतताना, दुसऱ्या जिन्याच्या वळणावर.

या मोकळ्या माणसाचा दिवस पहाटे सुरू होतो. गजर पाचचा लावलेला असतो आणि काका पावणेपाचला उठतात. मधली पंधरा मिनिटं गजर वाजायच्या आत बंद करण्यासाठी राखून ठेवलेली. मग नळाजवळ स्टुलावर बसायचं आणि पाण्याची वाट बघायची.

मुंबईचं पाणी हा मुळात प्रवासाचा विषय आहे. अप्पर वैतरणा, मध्य वैतरणा, मोडक सागर, तानसा, भातसा, विहार, तुळशी अशी सात धरणं-तलाव. त्यांतलं बरंचसं पाणी शंभरेक किलोमीटर चालून भांडुपला शुद्ध होतं, मग गोलंजी, फॉसबेरी, रावळी, भंडारवाडा अशा टेकड्यांवरच्या जलाशयांत चढतं आणि तिथून चाव्या फिरवून एकेका भागाला त्याच्या वेळेपुरतं सोडलं जातं. म्हणजे कोणीतरी माणूस भल्या पहाटे रस्त्यातल्या झाकणाखाली लांब चावी घालून फिरवतो, तेव्हा काकांच्या नळाला घुर्र होतं. या माणसाला काकांनी कधी पाहिलेलं नाही. पण त्याची रजा कधी असते, हे त्यांना ठाऊक आहे, कारण बदली माणूस चावी अर्धवट फिरवतो, असं त्यांचं ठाम मत आहे.

वहीत नोंद होते: ‘पाणी आलं ५.१०. जोर बरा.’ शेवटी ‘शेरा’ नावाचा रकाना आहे. आधी पिण्याचं पिंप, मग मोरीवरची टाकी, मग बादल्या, सगळ्यात शेवटी तुळस आणि गॅलरीतला ओव्याचा वेल. एकदा पाहुणे होते म्हणून काकूंनी बादल्या आधी भरल्या. त्या दिवशीच्या शेऱ्यात ‘क्रम बदलला’ एवढंच लिहिलेलं आहे. त्याखाली दोन रेघा आहेत.

पाणी गेलं की गॅलरी. इथून रूळ दिसत नाहीत, पण गाडी ऐकू येते. कुर्ला ते रे रोड हा हार्बरचा पहिला तुकडा १९१० साली सुरू झाला. ३ फेब्रुवारी १९२५ ला देशातली पहिली विजेची गाडी व्हीटीहून कुर्ल्याला धावली, ती याच हार्बरवरून. काकांना हे पाठ आहे. मुख्य मार्गावरच्या पाहुण्यांनी परळ-दादरच्या गर्दीचा अभिमान बाळगायला सुरुवात केली की काका १९२५ काढतात. हार्बरला फास्ट गाडी नाही, त्यामुळे प्रत्येक गाडी कॉटन ग्रीनला थांबते, हेही ते सांगतात, आणि असं सांगतात की जणू ती थांबवण्यात त्यांचा काही हात असावा. २०१६ मध्ये हार्बरची वीज दीड हजार व्होल्ट डीसीवरून पंचवीस हजार व्होल्ट एसीवर गेली. काकांच्या मते तेव्हापासून गाडीचा आवाज ओळखीचा राहिला नाही.

काकांना गाडीने कुठेही जायचं नसतं. तरी चहाच्या दुसऱ्या घोटाला जी गाडी येते ती चार मिनिटं उशिरा आली, तर ते तोंडाने ‘च्च’ करतात. रविवारी मेगाब्लॉक असला की बेचैनी आदल्या रात्रीपासून. काकू म्हणतात, “अहो, तुम्हाला जायचंय का कुठे?” काका म्हणतात, “प्रश्न तो नाही.” प्रश्न कोणता, हे अजून घरात कोणाला कळलेलं नाही.

बाहेरच्याला हा नुसता चक्रमपणा वाटेल. पण या भागाचा इतिहास पाहिला, तर इथल्या माणसाला स्वतःची वेळ स्वतः ठरवायची संधी किती उशिरा मिळाली, ते लक्षात येतं. गिरणगावात वेळ मालकाची असायची. सात ते साडेतीन पहिली पाळी, साडेतीन ते बारा दुसरी, बारा ते सात तिसरी, आणि या तिन्हींचा पुकारा करणारा भोंगा. दहा बाय बाराच्या गाळ्यात पंधरा-वीस गाववाले राहायचे ते याच हिशेबावर: पहिल्या पाळीचे कामावर गेले की तिसऱ्या पाळीचे त्याच जागेवर अंग टाकायचे. वळकटी बदलायची, जागा तीच. घरात घड्याळ असण्याची गरज नव्हती. भोंगा झोपेतही ऐकू यायचा.

त्याच्याही आधी, मुंबईला स्वतःची वेळ होती. ‘बॉम्बे टाइम’, भारतीय प्रमाण वेळेच्या ३९ मिनिटं मागे. १ जानेवारी १९०६ पासून सरकारने प्रमाण वेळ लागू केली आणि कामगाराच्या हिशेबाने त्याची पहाट ३९ मिनिटांनी चोरीला गेली. त्याच महिन्यात जेकब ससून गिरणीतल्या, म्हणजे पुढच्या इंडिया युनायटेड नंबर एकमधल्या, कामगारांनी नव्या वेळेविरुद्ध काम बंद पाडलं. पगारासाठी, बोनससाठी संप झालेले आपण ऐकतो. घड्याळाविरुद्ध संप करणारा हा मुलूख आहे. महापालिकेची जिद्द तर आणखी दांडगी. तिने जुनी मुंबई वेळ १९५५ पर्यंत सोडली नाही. जवळजवळ पन्नास वर्षं एकाच शहरात दोन वेळा चालत होत्या, त्यामुळे ऑफिसात उशिरा पोचणाऱ्याला निदान इतिहासाचा आधार तरी होता.

कापसाचीही वेळ होती, आणि ती तर परदेशातून यायची. १८४४ पासून कुलाब्याला भरणारा कापसाचा बाजार १९२० च्या दशकात पोर्ट ट्रस्टने भराव घातलेल्या या शिवडी-माझगावच्या जमिनीवर आला. गोदामं झाली, कॉटन एक्स्चेंजची इमारत उभी राहिली. कापूस इथे, पण न्यूयॉर्कच्या बाजारात तो किती भावाने उघडला आणि किती भावाने बंद झाला, यावर मुंबईत पैसे लागायचे. १९६१ मध्ये ते न्यूयॉर्कचे आकडे येणं थांबलं, तेव्हा हिकमती लोकांनी मडकं आणलं आणि आकडे त्यातून काढायला सुरुवात केली. हाच कल्याणजी भगत आणि रतन खत्री यांचा मटका. कापूस गेला, न्यूयॉर्क गेलं, पण ‘ओपन’ आणि ‘क्लोज’ राहिले. नैतिकदृष्ट्या जे काही म्हणायचं ते म्हणावं. एवढं खरं, की आकडा लावणारा माणूस बायकोचा वाढदिवस विसरेल, पण ओपनची वेळ विसरत नसे.

मग १८ जानेवारी १९८२ ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली अडीच लाखांच्या आसपास गिरणी कामगार संपावर गेले आणि तो संप कधी रीतसर मिटलाच नाही. भोंगे एकेक करून गप्प झाले. पहाटे सहा-साडेसहाला न सांगता जाग येणारी माणसं उरली, जायचं ठिकाण उरलं नाही. काकांच्या वयाच्या प्रत्येकाच्या घरात असा एक भाऊ, मेहुणा किंवा शेजारी होता. काका त्याबद्दल बोलत नाहीत. वही काढतात.

सकाळी साडेआठला तर काकांना हाक मारायचीच नाही. जून ते सप्टेंबर या वेळेला ते गच्चीवर असतात. तिथे टाकीपासून लांब, मोकळ्या जागी, एक उभ्या कडांचा स्टीलचा डबा विटांच्या मध्ये रोवलेला आहे. काका त्यात शाळकरी पट्टी बुडवतात आणि पाऊस मोजतात. डब्याची कड सरळ उभी असली, की तोंड केवढंही असो, मिलिमीटर तेवढेच येतात, हे त्यांनी बिल्डिंगीतल्या तीन इंजिनिअरांना समजावून सांगितलं आहे. इंजिनिअरांनी मान डोलावली. डब्यात मूळ शेवचिवडा असायचा. काकूंनी तो अजून माफ केलेला नाही.

साडेआठच का? कारण हवामान खातंही मागच्या चोवीस तासांचा पाऊस सकाळी साडेआठलाच मोजतं. कुलाब्याची वेधशाळा १८२६ सालची. सरकारं बदलली, झेंडे बदलले, पण कुणीतरी रोज उठून मोजत राहिलं. तिथल्या चुंबकीय नोंदी इतक्या नाजूक की मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हटल्यावर ते काम १९०४ मध्ये अलिबागला हलवलं गेलं, ट्रामने सुई भरकटू नये म्हणून. रोजच्या एका नोंदीसाठी अख्खं खातं खाडीपलीकडे नेणारी ती माणसं काकांना जवळची वाटतात. काकू म्हणतात, “तुम्हालाही न्यायला हवं होतं अलिबागला.”

अडचण एवढीच, की मुंबईच्या पावसाचे अधिकृत आकडे पेपरात येतात ते कुलाब्याचे आणि सांताक्रूझचे. कॉटन ग्रीन या दोघांच्या मधे. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पडला आणि कुलाब्याला अवघा ७३. मग मधल्या माणसाने काय समजायचं? काकांचा डबा या प्रश्नाचं उत्तर आहे. दुसऱ्या दिवशी पेपर आला की ते कुलाबा बघतात, सांताक्रूझ बघतात, आपला आकडा बघतात. तीन आकडे जुळत नाहीत, आणि जुळले तर ती बातमी ठरेल. पण टॅली क्लार्कचा निष्कर्ष ठरलेला: “दोघांनाही एकदा तपासायला हवं.”

पाठोपाठ तलावांचे आकडे. सातही तलाव काठोकाठ भरले की १४,४७,३६३ दशलक्ष लिटर होतात. जुलैत हा साठा रोज किती टक्क्यांवर आला, ते काका अशा आवाजात जाहीर करतात की नव्या भाडेकरूंना त्यांनी धरणांत पैसे गुंतवले आहेत असं वाटतं.

पेपर ते घरी घेतात एक आणि नाक्यावर वाचतात चार. लालबाग-काळाचौकीच्या नाक्यांवर मंडळांची, पक्षांच्या शाखांची वृत्तपत्र वाचनालयं आहेत: वर पत्रा, समोर उतरत्या फळ्या, त्यांवर पसरलेले पेपर, आणि बाजूला काळा फळा. फळ्यावर खडूने रक्तदान शिबिर, बारसं, दहावीतलं यश, दुःखद निधन. वाचायची पद्धत उभ्याने, हात मागे बांधून. एकाच पानावर दोघे असले तर खालच्याने वरच्याच्या आधी पान उलटायचं नाही, हा नियम कुठे लिहिलेला नाही आणि कुणी मोडत नाही. काका आधी निधनवार्ता वाचतात, मग अग्रलेख, मग कोडं. कोडं ते तोंडी सोडवतात, कारण फळीवरच्या पेपरात पेन चालवायचं नाही. त्यामुळे मागून येणाऱ्यालाही ते तोंडीच सोडवावं लागतं, आणि काका तिथेच असल्याने उत्तर न मागता मिळतं.

परतताना फळ्यावरच्या तारखा तपासणं. शिबिर होऊन गेलं तरी सूचना पुसलेली नसली की ते खिशातल्या रुमालाने पुसतात. या कामासाठी त्यांना कुणी नेमलेलं नाही. ते आजारी पडले तेव्हा मात्र फळ्यावर आठवडाभर जुनंच शिबिर राहिलं आणि एक जण रक्त द्यायला जाऊनही आला.

वक्तशीर माणसांचा दाखला म्हणून तत्त्वज्ञ इमॅन्युएल कांटचं नाव हमखास येतं. क्योनिग्सबर्गचे लोक म्हणे त्याच्या दुपारच्या फेरफटक्यावर घड्याळं लावत, आणि रूसोचं ‘एमील’ वाचताना तो गुंगला तेव्हा त्याची फेरी चुकली, म्हणून गाव चकित झालं. गोष्ट चांगली आहे. पण कांट अविवाहित होता, त्याला पहाटे उठवायला लाम्पे नावाचा नोकर होता आणि अठराव्या शतकात त्याच्या नळाला सव्वा तास पाणी यायचं नाही. अटी समान नाहीत. काकांना ही गोष्ट कुणीतरी सांगितली, तेव्हा त्यांनी एकच विचारलं: “ती घड्याळं पुन्हा कशावर लावली मग?”

लाम्पेच्या जागी इथे काकू आहेत, आणि त्यांच्या दिनक्रमाची वही नाही. काका पावणेपाचला उठतात तेव्हा चहाचं आधण चढलेलं असतं. ते कुणी आणि किती वाजता चढवलं, याची नोंद कुठल्याच रकान्यात सापडत नाही. काकूंच्या सासूबाई खानावळ चालवायच्या, या भागातल्या शेकडो बायकांप्रमाणे. एका खोलीत, एका शेगडीवर, गावाहून आलेल्या गिरणीवाल्यांचा दोन वेळचा डबा. कामगार एका पाळीत काम करायचा. खानावळवाली तिन्ही पाळ्यांत. १९७५ मध्ये प्रेमा पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ काढलं तेव्हा या बायकांना बँकेचं कर्ज मिळायला लागलं आणि त्या कामाला काम म्हणतात, हे कागदावर आलं. काकूंना हे सगळं माहीत आहे. म्हणून काकांनी “आज आमटीला जरा उशीर झाला” म्हटलं की त्या ऐकत नाहीत, ऐकल्याचं फक्त दाखवतात.

मासळीचं वेळापत्रक मात्र पूर्णपणे काकूंचं. सोमवार नाही, गुरुवार नाही, शनिवार नाही, संकष्टी नाही, एकादशी नाही, श्रावण तर नाहीच. जून आणि जुलै यांत्रिक बोटींना समुद्रबंदी, म्हणजे ताज्याला रजा, सुका जवळा आणि सुके बोंबील कामावर. एवढं सगळं वजा जाता जे दिवस राहतात, त्यांवर बांगडा, मांदेली आणि सुरमई यांची वाटणी त्या मनातल्या मनात करतात. काकांचं काम पिशवी धरण्याचं आणि मागचा भाव सांगण्याचं.

“मावशी, बुधवारी दोनशे सांगितले होतेस वाट्याचे.”

“मग बुधवारचा बुधवारी न्यायचा ना, काका.”

काका वहीत बघायला लागतात. तोपर्यंत काकूंनी दोनशे वीसवर सौदा पुरा केलेला असतो, वर दोन मांदेली जास्त.

दुपारी वामकुक्षी. तिच्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही. वीस मिनिटं. पंचवीस झाली तर काका काकूंना विचारतात, उठवलं का नाही.

संध्याकाळी बिल्डिंगीखालच्या बाकावर बैठक बसते. तिचा विषय किती वर्षं तोच आहे, हे विचारायची सोय नाही. अभ्युदयनगर ही तेहतीस एकरांवरची म्हाडाची वसाहत, तीन हजारांहून जास्त घरांची, आणि पुनर्विकास हा शब्द इथल्या मुलांनी ‘आई’नंतर लगेच शिकलेला. कार्पेट एरिया, कॉर्पस फंड, भाडं, टॉवर. बाकावरचे निम्मे जण पंचविसाव्या मजल्याला घाबरतात आणि उरलेले निम्मे पंचविसाव्या मजल्यावर कोण जाणार यावर भांडतात. काका या बैठकीचे अनौपचारिक चिटणीस. कोण काय बोललं ते त्यांच्याकडे लिहिलेलं असल्याने हल्ली लोक कमी बोलतात.

अशाच एका सभेला टॉवरची चित्रं दाखवायला एक तरुण आला होता. लॅपटॉप, पडदा, पडद्यावर झाडं, झाडांखाली कुणाच्याच ओळखीची नसलेली गोरीपान माणसं. लिफ्ट दाखवली, पार्किंग दाखवलं, जिम दाखवली. प्रत्येकाला थोडा थोडा आनंद झाला. मग तो म्हणाला, “आणि चोवीस तास पाणी.” टाळ्या पडल्या. काकूंनीही वाजवल्या, सगळ्यांत जोरात.

काकांनी हात वर केला.

“चोवीस तास ठीक आहे. पण येणार किती वाजता?”

“काका, येणार असं नाही. कायम असणारच. कधीही नळ सोडा.”

“असेल हो. पण येईल किती वाजता?”

तरुणाने पडद्याकडे पाहिलं, काकूंकडे पाहिलं. काकूंनी नजर छताला लावली. कुणीतरी मागून हसलं. शेवटी तरुण धोरणाने म्हणाला, “चांगला पॉइंट आहे, काका. मी नोट केलाय.”

काका उठले, चष्मा लावला, पडद्याला वळसा घालून त्याच्या टेबलाशी गेले आणि कुठे नोट केलाय ते दाखवायला सांगितलं.